बुळकांडीचा उन्हाळा

अब्बा घरात शिरायच्या आधी त्यांच्या हातांचा वास घरात शिरायचा. फिनेल, शेण आणि कसल्याशा कडू औषधाचा मिळून झालेला तो वास कितीही साबण लावला तरी जायचा नाही. अम्मा रोज न चुकता म्हणायची, "दोन पाण्यानं हात धुवा, मग भाकरीला लावा." अब्बा गुरांच्या सरकारी दवाखान्यात डॉक्टर होते. लोक त्यांना ढोरडाक्टर म्हणायचे. त्या शब्दात अपमान नसे, उलट गाय अडली, बैलाचा खुर चिरला की त्याच शब्दाने मध्यरात्रीही हाका यायच्या. आमचं मूळ घर आष्ट्याचं. अम्माचं माहेर सांगलीच्या हळदपेठेतलं. तिच्या ट्रंकेतल्या साड्याही उघडल्या की हळदीसारख्या दरवळायच्या. घरात आम्ही आमची दखनी बोलायचो. इथे मात्र सगळं मराठीतच लिहिते आहे, कारण आता माझी स्वप्नंसुद्धा मराठीतच पडतात.

लढाई चालू होती त्या काळातला हा उन्हाळा. मी सोळा वर्षांची होते. सातवी पास होऊन घरी बसले होते आणि माझ्यासाठी स्थळं बघणं सुरू झालं होतं. अब्बांना वारणेच्या खोऱ्यात वर, अगदी डोंगराच्या पायथ्याशी असलेल्या आंबेखोल गावी दोन महिने मुक्काम करायचा हुकूम आला. त्या वर्षी त्यांना हिवतापाने दोनदा पाडलं होतं, त्यामुळे अम्माने हट्ट धरला की जायचं तर सगळ्यांनी जायचं. कोळशाच्या गॅसवर चालणाऱ्या मोटारीने आम्ही निघालो. चढ आला की मोटार धापा टाकत थांबायची, मग सगळ्यांनी उतरून ढकलायची. पुढचा रस्ता बैलगाडीने.

गावचे पाटील, आबा, यांनी त्यांच्या भावकीतली एक रिकामी खोली आम्हाला दिली. शेणाने सारवलेली, एका बाजूला चूल, पुढे ओटा. पहाटे जात्यांची घरघर सुरू व्हायची, मग उखळात मुसळ पडायचं, मग गुरांच्या गळ्यातल्या लाकडी लोढण्यांचा खडखडाट रस्त्याने वर वर जायचा आणि रानात विरून जायचा. ज्वारी तिथे महाग, म्हणून नाचणीची भाकरी. अम्माला ती जमेना, तव्यावरच फाटायची. फणसाच्या भाजलेल्या आठळ्या, करवंदांची चटणी, कुळथाचं माडगं आणि ताक. आबांच्या घरून दूध यायचं, पण आणणारी बाई लोटा आमच्या भांड्याला लागू न देता वरून ओतायची. आम्ही त्याचं काही वाटून घेत नव्हतो. सगळीकडे तसंच होतं. म्हणूनच तानूवहिनी पहिल्यांदा आमच्या ओट्यावर येऊन टेकली आणि म्हणाली, "माय, वाईच पानी दे गं," तेव्हा अम्मा हातातलं पीठ तसंच टाकून उठली होती.

तानूवहिनी माझ्याहून पाच-सहा वर्षांनी मोठी असेल. काळी, सडसडीत, हसली की डोळे मिटणारी. नवरा मिल्ट्रीत, ब्रह्मदेशाच्या आघाडीवर. सात महिने त्याचं पत्र नव्हतं. जुनी पत्रं ती चोळीत घडी करून ठेवायची आणि मला वाचायला लावायची. मला ती पाठ झाली होती. शेवटी तर मी कागदाकडे न बघता वाचायचे, आणि तिला ते कळायचं, तरी ती मन लावून ऐकायची. घरात सासू नाही, दीर नाही. होती ती एक गाय, चांदी. पांढरी, कपाळावर काळा ठिपका, आणि दिवस भरत आलेली गाभण. नवऱ्याने पहिल्या पगारातून घेतलेली.

आता बुळकांडीचं सांगायला हवं, कारण आजच्या वाचकाला हा शब्दही ठाऊक नसेल. आता हा रोग जगातूनच गेला म्हणतात. आमच्या लहानपणी म्हातारी माणसं तो शब्द हळू आवाजात उच्चारायची. आधी जनावर चरायचं सोडतं, डोळ्यांतून पाणी गळतं, मग तोंडात फोड येतात, लाळ गळते आणि मग अशी हगवण लागते की आठवडाभरात धडधाकट बैल कातड्याच्या पिशवीसारखा होऊन पडतो. एकाचं दुसऱ्याला, पाण्यातून, चाऱ्यातून, श्वासातून. त्या उन्हाळ्यात बुळकांडी खालच्या खोऱ्यात आली होती आणि गाव-गाव करत वर सरकत होती.

पण अब्बांच्या जिवाला लागलेला घोर वेगळाच होता. आंबेखोलच्या वरच्या रानात गव्यांचा एक कळप होता. बावीस गवे. अब्बांनी ते दुर्बिणीतून मोजले होते. पूर्वी या डोंगरांत शेकडो होते म्हणे. शिकारी झाल्या, रानं तुटली, आणि मागे एकदा बुळकांडीनेच दऱ्या भरभरून मेले. गवा म्हणजे शेवटी गाईबैलांचाच भाऊबंद. गाईचा रोग त्याला गाईपेक्षा वाईट होतो. उन्हाळ्यात रानातले झरे आटले की तो कळप गायदरीच्या डोहावर पाण्याला यायचा. दुसरं पाणीच नसायचं. जंगलखात्याच्या साहेबांचा कागद अब्बांकडे आला होता: रोग गव्यांत शिरला तर सगळा कळप गोळ्या घालून मारला जाईल, कारण गवे रोग डोंगरापलीकडे नेतील आणि लढाईच्या दिवसांत शेतीचे बैल गमावणं परवडणार नाही. साहेब काही दुष्ट माणूस नव्हते. त्यांचं गणित सरळ होतं. अब्बांनी त्यांच्याकडे पावसापर्यंतची मुदत मागितली आणि त्यांनी ती दिली.

"गव्याला सुई टोचता येत नाही," अब्बा मला सांगत होते. ओट्यावर बसून ते सुया उकळत होते. "मग काय करायचं? त्याच्याभोवती टोचलेल्या गुरांचं कुंपण घालायचं. आंबेखोल आणि वरच्या चार वाड्यांतलं एकूणएक जनावर टोचलं, की रोगाला वर जायला वाटच उरत नाही. एक जरी राहिलं तरी कुंपणाला भोक."

एक जरी राहिलं तरी. हे वाक्य त्यांनी मला सांगितलं होतं. मला ते कळलं नव्हतं असं मी आज म्हणू शकत नाही.

चावडीत माणसं जमली. मी बायकांच्या बाजूला भिंतीला टेकून उभी होते. लस बकऱ्यांपासून बनते ही बातमी आमच्या आधीच गावात पोचली होती.

"आवं डाक्टर," आबा पाटील म्हणाले, "बकऱ्याचा रोग गाईच्या अंगात घालनार म्हनं तुमी. खरं का?"

"खरं आहे."

"आन् सरकार गुरं मोजून मिल्ट्रीला खायाला धाडनार, त्ये?"

"मी मोजायला आलो नाही, आबा. टोचायला आलोय. खोटं सांगणार नाही. टोचल्यावर ताप येईल. चार दिवस जनावर मान टाकेल, दूध आटेल. एखादं अशक्त असेल तर दगावेलसुद्धा. पण बुळकांडी वर आली तर गोठ्यात झाडायला शेण उरणार नाही."

"आन् ह्यात तुमचं काय?" मागून कोणीतरी विचारलं. "तुमची हायत का गुरं हितं?"

"आहेत की," अब्बा म्हणाले. "वर रानात बावीस आहेत."

माणसं हसली, पण आबा हसले नाहीत. त्यांनी मिशीवरून बोट फिरवलं. मग म्हणाले, "माझ्या आज्याच्या टायमाला गव्यांची मढी वड्यात पडली हुती, आन् त्येच पानी पिऊन गावची गुरं मेली. म्या ऐकलंय त्ये. उद्या पैलं माझं बैल आना."

आठ दिवस टोचणी चालली. सांगलीहून बर्फ यायचा, लाकडाच्या भुशात गुंडाळलेला, आणि त्यात लसीच्या बाटल्या. बर्फ वितळला की लस मेली. शिपायाला हिवतापाने गाठलं होतं, म्हणून टोचलेल्या जनावराच्या डाव्या शिंगावर गेरूचा पट्टा ओढायचं काम माझ्याकडे आलं. सांगितल्याप्रमाणे तिसऱ्या-चौथ्या दिवशी ताप आले. एक म्हातारी म्हैस आणि एक खोंड मेला. गावाची नजर बदलली. पाण्याला गेले की बायका माझ्यापासून सरकून उभ्या राहायच्या. खोंडाचा मालक दोन दिवस आमच्या खोलीसमोर नुसता बसून राहिला. अम्मा कडी लावून आत बसली. अब्बा मात्र आजारी जनावरांपाशीच राहिले, गोठ्या-गोठ्यातून पेज पाजत. सहाव्या दिवशी बैलांनी चाऱ्याला तोंड लावलं, आणि आबांनी स्वतः दुधाचा लोटा आणून आमच्या चुलीशी ठेवला.

तानूवहिनीच्या दारात गेलो तेव्हा दावं रिकामं होतं. "चांदी भावाकडं हाय," ती म्हणाली. "खाली. बाळंतपनाला धाडलीया." अब्बांनी मान डोलावली आणि आम्ही पुढे गेलो.

शनिवारी मी करवंदांना एकटीच वर गेले. करवंदं काढता काढता गायदरीपर्यंत पोचले. दरी अरुंद, दोन्ही बाजूंनी कडे, मध्ये डोह, आणि डोहाच्या वरच्या अंगाला जांभळीची दाट झाडी. त्या झाडीत काहीतरी पांढरं हललं. मी जवळ गेले तर चांदी. बुंध्याला बांधलेली, पुढे हिरवा पाला. आणि शेजारी तानूवहिनी, हातात कोयता, चेहरा भीतीने ताणलेला.

"हमीदे, तू हायस व्हय," ती खाली बसली. "म्या म्हनलं कोन आलं."

भावाच्या गावात गुरं पडायला लागली, म्हणून तिने चांदीला रानवाटेने चालवत वर आणलं होतं. गावात आणली तर टोचतील. टोचली तर ताप येईल, आणि तापात पोटातलं वासरू जाईल. म्हणून इथे. "पाच-सा दिस ऱ्हायलं असतील गं. व्यायची झालीया ती. व्याली की म्या सोता डाक्टरांम्होरं हुभी करीन. पन आत्ता बोलू नगंस. त्येंनी घेतलेली हाय ती. उद्या माघारी आल्यावं त्येंना काय दाखवू मी? तुझ्या अल्लाची आन हाय तुला."

मी आण घेतली. भावाच्या गावात गुरं पडतायत हे शब्द मी ऐकले होते. डोह वीस पावलांवर दिसत होता. ओल्या चिखलात गव्यांच्या खुरांचे ठसे होते, माझ्या दोन्ही तळव्यांत मावणार नाहीत एवढे मोठे. मी ते सगळं पाहिलं आणि तरी आण घेतली. कारण मला सोळाव्या वर्षी एक मैत्रीण होती, आणि तिच्याकडे एक गाय होती. आज सत्तर वर्षं उलटून गेल्यावर मी स्वतःला यापेक्षा चांगलं कारण देऊ शकलेले नाही.

सोमवारी अब्बा वाड्यांसाठी नवी लस आणायला सांगलीला गेले. मंगळवारी पाणवठ्यावर तानूवहिनीने माझ्या घागरीला घागर लावली आणि खालच्या मानेने म्हणाली, "चांदी चरंना. डोळ्यांतनं पानी येतंया. उनाचं असंल न्हवं?"

माझ्या हातातला दोर सुटला. घागर आडात आदळल्याचा आवाज आला.

त्या दिवशी मी अम्माला सांगू शकले असते, आबांना सांगू शकले असते. सांगितलं नाही. दिवसभर घरातली कामं केली, भाकऱ्या केल्या, एकही फाटली नाही. दुसऱ्या दिवशी दुपारी अब्बा आले. डोक्यावर बर्फाचं ओलं पोतं, सदरा पाठीला चिकटलेला. खूश होते. मोटार फक्त दोनदाच बंद पडली होती आणि बर्फ अजून वीतभर शिल्लक होता. अम्मा त्यांना पाणी द्यायला वळली आणि मी म्हणाले, "अब्बा, चांदी गायदरीत आहे. ती चरत नाही."

त्यांनी पाण्याचं भांडं खाली ठेवलं. पाणी प्यायले नाहीत. एवढंच विचारलं, "डोहापासून किती लांब?"

"वीस पावलं."

"कधीपासून?"

"मला शनिवारी कळलं."

त्यांनी माझ्याकडे पाहिलं. रागाने नव्हे. एखाद्या जनावराचा ताप हाताला लागावा आणि डॉक्टरचा चेहरा बदलावा, तसं. मग पिशवी उचलली. "आबांना सांग, मिळतील तेवढी माणसं, कुदळी, फावडी, चुन्याची पोती. वर या म्हणावं. दिवस मावळायच्या आत. मी पुढे होतो." आणि ते धावत सुटले. अब्बांना धावताना मी त्याआधी कधी पाहिलं नव्हतं.

आम्ही वर पोचलो तेव्हा ऊन कलायला लागलं होतं. चांदी आदल्या दिवशीच दावं तोडून पाण्याकडे गेली होती आणि आता डोहाच्या काठाशी आडवी पडली होती. अर्धा काठ घाणीने भरलेला. माशा. तानूवहिनी तिचं डोकं मांडीवर घेऊन बसली होती आणि अब्बा गुडघ्यांवर बसून गाईच्या जबड्यात बघत होते. मागून आलेल्या माणसांपैकी एकाने ते दृश्य पाहिलं आणि तो ओरडला, "गाईला काय केलं रं ह्यानं? कुनाचा हात लागला गाईला?"

पंचवीस-तीस माणसं, हातात कुदळी. अब्बा उठले नाहीत. मी आबांच्या बाजूला उभी होते. मला त्यांचा श्वास ऐकू येत होता. तेवढ्यात तानूवहिनी बसल्या जागेवरून म्हणाली, "हात माझा लागलाय. बुळकांडी झालीया तिला. म्याच लपवली हितं. डाक्टर आत्ता आल्यात."

कुदळी खाली टेकल्या. मग अब्बा तिच्याकडे वळून अगदी हळू म्हणाले, "तानूबाई, गाभण गाय मी टोचलीच नसती. सातव्या महिन्यापुढची एकही टोचलेली नाही. घरी बांधून ठेवायला सांगतो फक्त. मला विचारायचं तरी."

तिने तोंडावर पदर घेतला नाही, रडली नाही. ती नुसती अब्बांकडे बघत राहिली, आणि मग माझ्याकडे. ती नजर मी लिहू शकत नाही.

गवे दिवस मावळताना यायचे. हाताशी दीड तास होता. डोह बंद करायचा होता. पण नुसता बंद करून भागणार नव्हतं. तहानलेला कळप पाण्याच्या वासाने कुंपण मोडून आत आला असता, नाहीतर पाणी शोधत खालच्या रोगट खोऱ्यात उतरला असता. "वर कुठे पाणी आहे?" अब्बांनी विचारलं. "झरा, ओल, काहीही?" माणसांनी माना हलवल्या. उन्हाळ्यात वर पाणी नसतं हे सगळ्यांना माहीत होतं.

"हाय," तानूवहिनी म्हणाली. तिने चांदीचं डोकं अलगद खाली ठेवलं. "त्या कड्याच्या बुडाला. चांदीला म्या तिथनंच पाजत हुते. व्हंजळीनं भरायला लागतं."

पाच दिवस लपून राहिल्यामुळे तिला जे ठाऊक झालं होतं ते साऱ्या गावाला ठाऊक नव्हतं. दहा माणसं तिच्यामागे गेली आणि कड्याच्या बुडाशी कुदळी पडू लागल्या. बाकीच्यांनी डोहाभोवती करवंदीच्या आणि बोरीच्या फांद्या तोडून रचल्या. मी फांद्या ओढत होते. हात सोलवटून निघाले होते. अब्बा घाणीवर चुना ओतत होते. वरून आरोळी आली, "पानी लागलं!" गढूळ, पिवळं, पण पाणी. गुडघाभर खड्डा झाला, मग कमरेएवढा, आणि बुडातून पाणी हळूहळू वर चढायला लागलं. आबांनी दोन वेळा सूर्याकडे पाहिलं. "बास. आता समदी वर चढा. झाडावं, कड्यावं, जिथं जागा घावंल तिथं. आवाज न्हाई पायजे."

मी, अब्बा आणि आबा एका सपाट कातळावर पालथे पडलो. तानूवहिनी मात्र परत खाली जाऊन बसली, चांदीपाशी, काट्यांच्या कुंपणाच्या आत. तिला कोणी बोलावलं नाही आणि ती आलीही नसती.

आधी वाळका पाला मोडल्याचा आवाज आला. मग झाडीतून पुढे आली ती कळपाची म्होरकी मादी. मी गवा इतक्या जवळून कधी पाहिला नव्हता. काळीभोर, पाठीचा उंचवटा, गुडघ्यापर्यंत पांढरे मोजे घातल्यासारखे पाय. तिच्यामागे बाकीचे. ती कुंपणापाशी आली आणि थांबली. नाक वर केलं. चुना, माणूस, मरणारी गाय, सगळे वास एकदम. तिने खूर आपटला. मागून एक नर पुढे आला, एवढा प्रचंड की त्याच्याखाली जमीन दबल्यासारखी वाटली, आणि त्याने एक शिंग फांद्यांत घालून उचललं. चार हात फांद्या भाजीच्या जुडीसारख्या बाजूला पडल्या. आत दहा पावलांवर तानूवहिनी बसली होती. ती हलली नाही. अब्बांची बोटं माझ्या मनगटात रुतली होती. पुढे दोन दिवस तिथे वळ होते.

नराने डोकं खाली केलं. तेवढ्यात वरून, कड्याच्या बुडाकडून, एका पिल्लाचा आवाज आला. खड्ड्याच्या कडेला पोचलेलं ते वासरू चिखलात पाय घालून पाणी पीत होतं. म्होरकीने मान वळवली. ती वळली. तिच्यामागे दुसरी, तिसरी. नर बराच वेळ तसाच उभा राहिला, मग फुत्कारला आणि जड पावलांनी त्यांच्यामागे गेला. आबांनी इतका वेळ रोखलेला श्वास सोडला तेव्हा तो हुंदक्यासारखा ऐकू आला.

खाली आलो तेव्हा चांदी गेली होती. वासरू पोटातच गेलं. जिथे पडली तिथून लांब, कोरड्या जागी, आठ हात खोल खड्डा घेऊन तिला चुन्यात पुरलं.

दुसऱ्या दिवशी चावडी भरली. तानूबाईला वाळीत टाका, असं तिघा-चौघांनी म्हटलं. ती खांबाला टेकून उभी होती, एकटी. मी बायकांतून पुढे आले. मी म्हणाले, "मला शनिवारपासून माहीत होतं. मी शनिवारी सांगितलं असतं तर डोह घाण झालाच नसता. तिला टाकायचं तर मलाही टाका." अम्माने मागून माझा पदर ओढला, पण शब्द निघून गेले होते. अब्बा खाली बघत होते. आबा त्यांच्याकडे वळले. "आता गवे मरतील का, डाक्टर?"

"काही मरतील," अब्बा म्हणाले. "जे आधी ते पाणी प्यायलेत ते."

"मग त्येंची मढी जाळायला लाकडं लागतील. ती ह्या दोघींनी वाहायची. वाळीत-बिळीत कोन न्हाई."

गवे मेले. पाचव्या दिवसापासून सुरुवात झाली. पहिला गेला तो तोच मोठा नर. एकूण सात. अब्बा रोज पहाटे वर जायचे, दुर्बिणीतून कोण मागे पडतं ते बघायचे, मेलेल्याला जागच्या जागी जाळायला लावायचे. तानूवहिनी आणि मी मोळ्या वाहायचो. ती पुढे, मी मागे. ती माझ्याशी बोलत नव्हती. आण मोडली म्हणून की आण पाळली म्हणून, ते मला कळत नव्हतं. दोन्ही मी केलं होतं. संध्याकाळी अंगाला जळक्या कातड्याचा वास यायचा.

जंगलखात्याचे साहेब बंदुका घेऊन आले. तंबू ठोकला. अब्बांनी त्यांना आंबेखोलची आणि वाड्यांची सगळी गुरं दाखवली, शिंगांवर गेरूचे पट्टे ओढलेली, रोगाच्या तोंडाशी उभी असून एकही न पडलेली. मग वरचा खड्डा, जो गावाने आता दगडांनी बांधून काढला होता. साहेब दोन दिवस राहिले. अब्बांच्या जोडीने कातळावर पालथे पडून त्यांनी कळप पाहिला. तिसऱ्या दिवशी बंदुका न उघडताच परत गेले. त्यांनी अब्बांना काय सांगितलं ते अब्बांनी आम्हाला कधी सांगितलं नाही, पण त्या दुपारी ते अंगणात खाटेवर पडले आणि तिन्हीसांजेपर्यंत झोपले.

परवा टीव्हीवर कुणाच्या तरी उसात शिरलेला गवा दाखवत होते. माणसं मोबाईल घेऊन त्याच्यामागे पळत होती. माझी नात म्हणाली, "आजी, केवढा आहे बघ." मी टीव्ही बंद करायला सांगितला. तिला वाटलं, मला भीती वाटली.

शेवटचं आजारी जनावर एक वासरू होतं. आईला आम्ही जाळलं होतं. ते जांभळीखाली पडलेलं, डोळे चिकटलेले, बरगड्या मोजता येतील असं. अब्बा म्हणाले, "याला हात लावायचा नाही. माणसाचा वास लागला तर कळप घेणार नाही. जगलं तर आपलं आपण जगेल. आणि जगलं तर पुन्हा जन्मात त्याला हा रोग होणार नाही." म्हणून आम्ही मोळी खाली ठेवून लांबून बघायचो. एक दिवस, दोन दिवस. तिसऱ्या दिवशी मोळी त्याच्याचसाठी आणली होती. ते हलत नव्हतं. तानूवहिनीने काडेपेटी कनवटीला खोचली आणि ती दोन पावलं पुढे गेली.

वासराने कान हलवला. मग मान उचलली. पुढचे पाय गोळा केले, पडलं, पुन्हा गोळा केले. उभं राहिलं तेव्हा चारही पाय चार दिशांना पसरले होते. ते झोकांड्या खात वरच्या पाण्याकडे गेलं, तोंड घातलं आणि इतका वेळ प्यायलं की आता फुटतं की काय असं वाटलं. पलीकडच्या झाडीत कळप उभा होता. त्यातली एक मादी पुढे आली, त्याला हुंगलं, मागे सरली, पुन्हा हुंगलं. मग वळली, आणि वासरू तिच्या पोटाखालून चालायला लागलं.

तानूवहिनी त्या झाडीकडे बघत उभी होती. पाला हलायचा थांबला तरी बघत होती. मग खाली वाकली, मोळी सोडून लाकडं इकडेतिकडे भिरकावून दिली, हात झाडले आणि बारा दिवसांत पहिल्यांदा माझ्याशी बोलली.

"चल घरला. तुझ्या आईला भाकरी अजून जमंना. दावते तिला."